जप्त ट्रॅक्टरच्या किमतीत कोर्टानं लक्ष घालावं का?

गोदाकाठ: काल इथे एकानं लिहिलं, "जप्त गाडीची किंमत आरटीओने ठरवली की विषय संपला. न्यायाधीश काय मेकॅनिक आहेत?" डोक्यातून जाईना, म्हणून लिहितोय. 2021 मध्ये चुलत्यांचा ट्रॅक्टर वाळूच्या केसमध्ये तहसीलला लागला. दंडासाठी म्हैस विकायची तयारी होती. पण सोडवायला बाजारभावाइतकं बंधपत्र, आणि त्या रकमेचा ऐपतदाखला, म्हणजे तेवढी मालमत्ता असल्याचा कागद. मूल्यांकन आलं 4 लाख 60 हजार! आरसीवरचं साल पाहून काढलेलं. पुढचे टायर गेलेले, हायड्रॉलिक बंद, पंचनाम्यात मात्र "चालू स्थितीत". दाखला मिळेना, दंड तटला, थकबाकीपोटी लिलाव निघाला. तेव्हा त्याच ट्रॅक्टरची सरकारी किंमत 1 लाख 40 हजार. आकडा कोर्टानं ठरवू नये, मान्य. पण तो कसा काढला हेही विचारायचं नाही?

वकिली_कट्टा: भावना बाजूला ठेवा. सर्वोच्च न्यायालयाचा टाटा सेल्युलर निकाल, 1994: कोर्ट निर्णयाची पद्धत तपासतं, निर्णयावर अपील ऐकत बसत नाही. शिवाय महसूल संहितेच्या कलम 247 खाली प्रांताकडे अपील आहे. प्रत्येक ट्रॅक्टरमागे संविधानाच्या कलम 226 खाली रिट आलं तर उच्च न्यायालयानं दुसरं काही करायचंच नाही का?

गोदाकाठ: गेलो होतो प्रांताकडे. सात तारखा, आणि आदेश एका ओळीचा: "मूल्यांकन योग्य वाटते." का योग्य, ते नाही. आदेशात नसलेली कारणं नंतर प्रतिज्ञापत्रातून भरता येत नाहीत, हे 1978 च्या मोहिंदर सिंग गिल निकालात सर्वोच्च न्यायालयानंच सांगितलंय ना?

कृष्णेची_लेक: माझे मिस्टर तलाठी आहेत. रात्री दोन वाजता पात्रात उतरतात. गेल्या वर्षी अंगावर ट्रॅक्टर घातला होता, पाय अजून नीट टेकत नाही. तुम्हाला आकड्याची पडलीय. सुटलेली गाडी आठवड्यात परत नदीत दिसते, काठच्या विहिरी आटल्या, त्यावर लिहा की!

जुना_मोटारवाला: किंमत राहू द्या, गाडी उरते का ते बघा. माझी भाड्यानं दिलेली पिकअप दारूच्या केसमध्ये 14 महिने ठाण्याच्या आवारात होती. परत मिळाली तेव्हा बॅटरी नाही, स्टेपनी नाही, सीटखाली उंदरांनी घर केलेलं, हौद्यात गुडघाभर पिंपळ. सुंदरभाई देसाई निकाल 2002 चा आहे: फोटो काढा, पंचनामा करा, बंधपत्रावर सोडा. कोण ऐकतंय?

वकिली_कट्टा: तो फौजदारी मुद्देमालाचा. तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 451, आता नागरिक सुरक्षा संहितेचं 497. महसुली जप्तीला तसाच लावता येत नाही. विषय भरकटवू नका.

जुना_मोटारवाला: खातं बदललं म्हणून बॅटऱ्या चोरीला जायच्या थांबतात का? तहसीलच्या आवारात एकदा चक्कर मारा, मग कलमं सांगा.

कृष्णेची_लेक: राखायला माणूस कुठे आहे? तेही तलाठ्यानंच करायचं?

गोदाकाठ: ताई, कारवाई चूक असं मी कुठे म्हटलं? दंड बरोबरच होता. ट्रॅक्टर न बघता किंमत लावली, एवढंच म्हणतोय.

कृष्णेची_लेक: मिस्टरांना विचारलं. मूल्यांकनाच्या पत्रात फक्त नंबर आणि साल जातं, म्हणाले. गाडी बघायला कुणी येत नाही. एवढं मान्य. वाळूचं मात्र मान्य नाही.

वकिली_कट्टा: पाहणीच झाली नसेल तर तो पद्धतीतला दोष. तेवढ्यावर फेरमूल्यांकनाला परत पाठवतील. याहून जास्त अपेक्षा ठेवू नका.

गोदाकाठ: तेवढंच मागत होतो, साहेब. लिलावात घेणाऱ्यानं टायर बदलले, हायड्रॉलिक करून घेतलं. यंदा चुलत्यांनी सोयाबीन पेरलं ते त्याच ट्रॅक्टरला भाडं देऊन.