मॉन्टी पायथन: ब्रिटिश समाजावर टीका, की नुसता आचरटपणा?

धागाकर्ता
'मॉन्टी पायथन' या सहा विनोदवीरांच्या गटाची 'मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस' ही छोट्या विनोदी प्रवेशांची (स्केचेसची) मालिका बीबीसीवर ५ ऑक्टोबर १९६९ ला सुरू झाली आणि १९७४ पर्यंत तिचे ४५ भाग झाले. वेडेपणा म्हणून लोक हसून सोडून देतात. मला ती ब्रिटिश वर्गव्यवस्थेची सालटी काढणारी मालिका वाटते.

'मिनिस्ट्री ऑफ सिली वॉक्स' (वेडगळ चालींचं मंत्रालय) हे स्केच बघा. बोलर हॅट, काळा सूट, हातात ब्रीफकेस, आणि गटातला जॉन क्लीज तंगड्या हवेत फेकत ऑफिसात निघालाय. चेहऱ्यावरची रेषा हलत नाही. समोर बसलेल्या माणसाला स्वतःची चाल सुधारायला सरकारी अनुदान हवंय. त्यावर साहेबांचं रडगाणं काय, तर संरक्षण खात्याच्या मानाने आमच्या खात्याला पैसे कमी मिळतात! नोकरशाहीचं याहून नेमकं चित्र मी पाहिलेलं नाही.

प्रतिसाद १
साफ असहमत. सहांपैकी तिघे केंब्रिजचे, दोघे ऑक्सफर्डचे. (सहावा टेरी गिलियम तेवढा अमेरिकन.) आपल्याच वर्गाला केलेल्या गुदगुल्या या. त्याआधीचं बीबीसीचंच 'दॅट वॉज द वीक दॅट वॉज' हे राजकीय टवाळीचं कार्यक्रम मंत्र्यांची नावं घेऊन बोलायचं, आणि निवडणुकीचं वर्ष येतंय म्हणून बीबीसीनं ते १९६३ अखेर बंद केलं. खरी टीका सत्तेला झोंबते.

प्रतिसाद २
झोंबणं हीच कसोटी का? त्या मंत्र्यांची नावं आज कोणाला आठवतात? पायथनमधलं नाटककार बापाचं स्केच बघा. बाप अस्सल उत्तरेकडचा, राकट बोलीचा, पण धंदा नाटकं लिहिण्याचा. मुलगा सुटाबुटात येतो आणि तो खाणकामगार! हॅम्पस्टेड (लंडनचा उच्चभ्रू भाग) सोडून बार्न्सलीला (उत्तरेतलं कोळसा खाणींचं गाव) गेलास म्हणून बाप त्याच्यावर डाफरतो. फक्त कामांची अदलाबदल केली, आणि प्रतिष्ठेचा अख्खा डोलारा उघडा पडला.

प्रतिसाद ३
वर्गाबद्दल मान्य. पण बायकांचं काय? एक तर पुरुषांनीच झगे घालून किंचाळायचं, नाहीतर मालिकेतल्या अभिनेत्री कॅरोल क्लीव्हलँडनं नटून उभं राहायचं. समाजाचा हा अर्धा भाग त्यांना दिसलाच नाही.

धागाकर्ता
@प्रतिसाद ३, हा आक्षेप रास्त आहे. त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.
@प्रतिसाद १, 'अपर क्लास ट्विट ऑफ द इयर' (वर्षातला सर्वात मठ्ठ उच्चवर्गीय) या शर्यतीच्या स्केचमध्ये बड्या घरच्या दिवट्यांपैकी एकाला तर काडेपेट्यांचा अडथळाही ओलांडता येत नाही, आणि शर्यत संपते ती स्वतःवरच गोळी झाडून. याला गुदगुल्या म्हणायचं?