बंद खोलीतला खून आणि घरातली भांडणं: ॲनिमेत दोन्ही एकत्र हवंच का?

रातकिडा:
‘डिटेक्टिव्ह कोनान’ या ॲनिमेचे, म्हणजे जपानी ॲनिमेशन मालिकेचे, ४८ आणि ४९ हे एपिसोड व ‘उमिनेको’ पाहायचे असतील तर इथेच थांबा, पुढे सगळं फोडलंय.

माझं मत सरळ आहे. मागे घर नसेल तर बंद खोली (आतून कुलूप असलेल्या खोलीतला खून) म्हणजे नुसतं कुलूप-किल्लीचं गणित. कोनानमध्ये हेइजी हात्तोरी हा तरुण गुप्तहेर पहिल्यांदा येतो ते प्रकरण आठवा. एका मुत्सद्द्याचा खून, अभ्यासिका बंद. मासेमारीची दोरी वापरून किल्ली बाहेरून आत कशी पाठवली ते हेइजी शोधून काढतो, आणि घरातले आजोबा गुन्हा कबूलही करतात. पण सगळंच चूक! दार उघडलं तेव्हा तो माणूस जिवंत होता, फक्त गुंगीत. त्याची बायको सगळ्यांच्या देखत पुढे होते, उठवायच्या निमित्ताने त्याला हात लावते आणि विषारी सुई टोचते. झोपलेल्या नवऱ्याला बायको हलवून उठवतेय, यात कुणाला काय वावगं वाटणार? परक्या माणसाला हे जमलंच नसतं. इथे नातं हीच युक्ती आहे.

सरळसोट:
असहमत. उदाहरण उत्तम निवडलंत, पण असं क्वचितच घडतं. एरवी काय होतं? युक्ती उलगडली की गुन्हेगार गुडघ्यावर बसतो, जुना अन्याय सांगतो, मागे पियानो वाजतो. त्या रडण्याचा आणि त्या कुलपाचा काडीचा संबंध नसतो.

‘उमिनेको’चं तर मला अजून दुःख आहे. २००९ ची मालिका, २६ एपिसोड, १९८६ सालचं बेट, वारशावरून भांडणारी चार भावंडं आणि एकामागून एक बंद खोल्या. मूळ व्हिडिओ गेमचे फक्त पहिले चार भाग घेतले, उत्तरांचे भाग आलेच नाहीत. म्हणजे प्रेक्षकाच्या पदरात पडली ती फक्त भाऊबंदकी. मी प्रत्येक दाराची टिपणं काढत बसलो होतो हो! कोडं घातलंत तर ते सोडवून दाखवणं ही तुमची जबाबदारी आहे.

माळ्यावरची पेटी:
@सरळसोट, उत्तरं न देणं हा अन्यायच, मान्य. पण ‘उमिनेको’च्या दुसऱ्या भागातलं प्रार्थनागृह बघा. एकुलती एक किल्ली बंद पाकिटात, आणि पाकीट नऊ वर्षांच्या मारियाकडे. दुसऱ्या दिवशी तिची आई रोसा ते फोडते तेव्हा कुठे दार उघडतं. आत सहा प्रेतं. कोमेजलेल्या गुलाबासाठी हट्ट धरला म्हणून याच पोरीवर या आईने हात उचललेला आपण पहिल्या भागात पाहिलाय. ‘पाकीट चेटकिणीने दिलं’ हे मारियाचं बोलणं खरं मानायचं की नाही? कुलपाचा सगळा पुरावा त्या एका प्रश्नावर येऊन थांबतो. मला तरी इथे घर आणि कोडं वेगळं काढता येत नाही.

आणि जपानी रहस्यकथेत हे आजचं नाही. सरकत्या दारांच्या लाकडी घरात बंद खोली जमवणं मुळात कठीण. सेइशी योकोमिझो यांनी १९४६ मध्ये ‘होनजिन खूनप्रकरण’ या कादंबरीत ते जमवलं, तेही लग्नाच्या रात्री, बाहेर ताजा बर्फ, पाऊलखुणा नाहीत. मुलगी कुळाच्या, म्हणजे दुसऱ्याची जमीन कसणाऱ्याच्या, घरातली म्हणून खानदानाचा लग्नाला विरोध. तिथला गुप्तहेर कोसुके किंदाइची. १९९७ च्या किंदाइची ॲनिमेतला शाळकरी गुप्तहेर हाजिमे त्याचाच नातू म्हणून दाखवलाय. म्हणजे हा वारसा आजोबांकडूनच आलाय.

सरळसोट:
प्रार्थनागृहाचा मुद्दा पटला, पाकिटाकडे मी फक्त वस्तू म्हणून बघत होतो. पण मग एक कसोटी लावू. आईच्या जागी शेजारीण ठेवा. कोडं तसंच उभं राहिलं, तर ते कुटुंब भरताड आहे. रातकिडा यांचं उदाहरण या कसोटीला उतरतं. बाकीची किती उतरतील?

रातकिडा:
कसोटी मान्य. फक्त एक भर घालतो. त्या आजोबांनी खोटी कबुली दिली नसती तर हेइजीची चूक तिथल्या तिथे उघडी पडली असती. शेजारच्या म्हाताऱ्याने दिली असती ती कबुली?