मदत हवी आहे: आलेलं गेम गिफ्ट नाकारू का, आणि भाच्याला दुसऱ्या देशात गेम कसा पाठवू?

रातराणी_ऑनलाइन

नमस्कार मंडळी, दोन प्रश्न आहेत, दोन्ही डिजिटल गेम गिफ्ट देण्याघेण्याचेच आहेत म्हणून एकाच धाग्यात विचारते.

पहिला. माझी एक जुनी मैत्रीण आहे, आधी एकाच ऑफिसात होतो, आता ती दुसरीकडे असते पण रात्री कामं उरकली की आम्ही दोघी ऑनलाइन बसून कोडी सोडवायचे छोटे गेम खेळतो. तिने मला स्टीमवर (कॉम्प्युटरचे गेम विकणारं ऑनलाइन दुकान) एक मोठा गेम गिफ्ट पाठवलाय. उघडलं तर वर माझं नाव, खाली तिने लिहिलेलं "आता हा पण एकत्र खेळायचा, कारणं चालणार नाहीत" आणि त्याखाली तिची सही. इतकं छान वाटलं म्हणून सांगू. पण मग त्या गेमचं पान उघडून बघितलं तर कमीत कमी १६ जीबी रॅम, वेगळं ग्राफिक्स कार्ड आणि १०० जीबीच्या आसपास जागा लागतेय, आणि माझ्या लॅपटॉपला ८ जीबी रॅम आहे, ग्राफिक्स कार्ड नाहीच. अजून मी अ‍ॅक्सेप्ट पण नाही केलं आणि डिक्लाइन पण नाही, तसंच ठेवलंय. अ‍ॅक्सेप्ट करून लायब्ररीत ठेवला तर तिचे पैसे वाया, आणि नाकारला तर तिला वाईट वाटेल. काय करावं कळेना.

दुसरा. बहिणीचा मुलगा १२ वर्षांचा होतोय, ते लोक दुसऱ्या देशात असतात. त्याच्याकडे प्लेस्टेशन ५ आहे आणि त्याला कुठला गेम हवाय ते त्याने मला फोनवर नावासकट सांगितलंय. मी प्लेस्टेशनच्या स्टोअरवर शोधतेय पण "गिफ्ट करा" असं बटणच सापडत नाहीये. इथलं गिफ्ट कार्ड घेऊन कोड पाठवला तर चालेल का? ओळखीतल्या एकाने स्वस्तात "की" म्हणजे गेम मिळवायचे कोड विकणाऱ्या साइटची लिंक दिलीय, ती घ्यावी का? वाढदिवसाच्या दिवशी सकाळी त्याला ते मिळायला हवं एवढीच इच्छा आहे. बहिणीला यातलं फारसं कळत नाही, मलाही कॉम्प्युटरवरचेच गेम माहीत, कन्सोलचं काही माहीत नाही.

शून्य_एक

आधी पहिल्याचं सांगतो. अ‍ॅक्सेप्टचं बटण अजून दाबलं नाहीये हे फार बरं झालं, सध्या दाबूही नका. स्टीमवर गिफ्ट डिक्लाइन केलं की पैसे थेट पाठवणाऱ्याला परत जातात, तिला एक रुपयाचाही फटका बसत नाही. ही सोय मे २०१७ मध्ये आली. त्याआधी गिफ्ट विकत घेऊन आपल्या इन्व्हेंटरीत ठेवता यायचं, नंतर कोणालाही देता यायचं, ते तेव्हा बंद केलं आणि आता गिफ्ट थेट फ्रेंड लिस्टमधल्या माणसालाच जातं. म्हणजे अ‍ॅक्सेप्ट केल्यावर तुम्हाला तो गेम पुढे तिसऱ्या कोणाला देता येणार नाही, तुमच्या अकाउंटलाच चिकटला.

अ‍ॅक्सेप्ट केल्यावरही रिफंड मिळू शकतो, नाही असं नाही. खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि खेळलेला वेळ २ तासांपेक्षा कमी असेल तर. पण त्यासाठी मागणी तुम्ही म्हणजे गिफ्ट मिळालेल्या माणसाने करायची आणि पैसे मात्र तिच्याकडे जातात. ते सगळं करण्यापेक्षा आत्ता डिक्लाइन सोपं.

बटणदाबे

शून्य_एक यांचं बरोबर आहे पण माझं म्हणणं, डिक्लाइन दाबायच्या आधी मैत्रिणीला फोन करा. नुसतं "तुमचं गिफ्ट नाकारलं" असं तिला कळलं तर कुठेतरी लागतंच, कारण तिकडून तुमच्या लॅपटॉपची अडचण दिसत नाही, फक्त नकार दिसतो.

मी याच्या उलट बाजूला होतो म्हणून जरा कळकळीने लिहितोय. एका मित्राला मी मोठ्या हौसेने गेम पाठवला, त्याने लगेच अ‍ॅक्सेप्ट केला, थँक्यू वगैरे झालं. मग मी भेटलो की विचारायचो, सुरू केलास का, कुठपर्यंत आलास, आणि तो विषय बदलायचा. त्याच्या प्रोफाइलवर त्या गेमवर घालवलेला वेळ काहीच दिसत नव्हता. खूप नंतर कळलं की त्याच्या मशीनवर तो उघडतच नव्हता आणि मला वाईट वाटू नये म्हणून तो गप्प बसला. मला नाकारल्याचं वाईट वाटलं नसतं हो, पण तो मला टाळत राहिला त्याचं वाटलं. तुमच्या मैत्रिणीने तर लिहिलंच आहे की एकत्र खेळायचंय, म्हणजे तिला तो विशिष्ट गेम नकोय, तुमच्यासोबत बसणं हवंय. तर सरळ सांगा, हा माझ्याकडे चालणार नाही, पैसे तुला परत येतील, त्यातून आपण दोघींना चालेल असा घेऊ.

पावसाळी_दुपार

+१ फोन करा.

पण डिक्लाइनच्या आधी अजून दोन गोष्टी बघून घ्या, कदाचित गेम नाकारावाच लागणार नाही. एक म्हणजे एनव्हिडियाची जीफोर्स नाऊ सेवा, त्यात गेम त्यांच्या कॉम्प्युटरवर चालतो आणि तुमच्या लॅपटॉपवर फक्त चित्र येतं, त्यामुळे साधा लॅपटॉप पण पुरतो. स्टीमवर तुमच्या नावावर असलेला गेम तिथे चालतो, मात्र प्रत्येक गेम त्यांच्या यादीत नसतो आणि सेवा सगळ्या देशांत नाही, शिवाय नेट चांगलं लागतं. दुसरं, स्टीमचं रिमोट प्ले टुगेदर. गेम एकाच स्क्रीनवर दोघांनी खेळायचा असेल तर तो फक्त मैत्रिणीकडे असला तरी पुरे, ती तुम्हाला बोलावते आणि तुम्ही नेटवरून तिच्याच मशीनवर खेळता. पण गेममध्ये एका स्क्रीनवर दोघांची सोय नसेल तर हे चालत नाही, गेमच्या पानावर उजवीकडे लिहिलेलं असतं ते बघा.

आणि नाकारायचाच झाला तर बदल्यात स्टारड्यू व्हॅली सुचवा. २०१६ चा गेम आहे, एकाच माणसाने बनवलेला, शेती करायची, गावातल्या लोकांशी ओळखी वाढवायच्या, दोघींना मिळून एकच शेत करता येतं आणि २ जीबी रॅमवर चालतो. तुमच्या कोड्यांच्या गेमांइतकाच निवांत आहे.

कन्सोलवाली_आई

दुसऱ्या प्रश्नाचं मी सांगते कारण हे सगळं आमच्या घरी करून झालंय.

बटण सापडत नाहीये कारण ते नाहीच आहे. प्लेस्टेशन स्टोअरवरून दुसऱ्याला थेट गेम पाठवता येत नाही. पूर्वी दुकानांत एकेका गेमचे डाउनलोड कोड मिळायचे, ते पण सोनीने एप्रिल २०१९ पासून बंद केले. आता राहतं ते वॉलेटचं, म्हणजे अकाउंटमध्ये पैसे भरायचं गिफ्ट कार्ड. आणि हे नीट वाचा, तुमच्या देशातलं कार्ड घेऊ नका. कार्ड ज्या देशाचं त्याच देशाच्या अकाउंटला लागतं, आणि अकाउंटचा देश ते उघडताना जो निवडला तोच कायमचा, नंतर बदलता येत नाही. त्यामुळे बहिणीला विचारा की अकाउंट कुठल्या देशाचं आहे, ते आत्ता राहतात त्याच देशाचं असेल असं धरून चालू नका, स्थलांतर केलेल्या घरांत हे हमखास वेगळं निघतं.

सगळ्यात सोपं म्हणजे कार्ड बहिणीनेच तिकडे घ्यायचं आणि तुम्ही तिला पैसे द्यायचे. परदेशातल्या दुकानाच्या साइटवर आपलं बँकेचं कार्ड बऱ्याचदा चालत नाही. रक्कम गेमच्या किमतीपेक्षा थोडी जास्तच घ्या, काही ठिकाणी कर वेगळा लागतो.

आता पुढचं, जे कोणी सांगत नाही. मुलगा १२ चा म्हणजे त्याचं अकाउंट लहान मुलाचं असणार, फॅमिलीत जोडलेलं. त्याच्या अकाउंटला स्वतःचं वॉलेट नसतं. त्याने काही घेतलं की पैसे फॅमिली मॅनेजरच्या म्हणजे बहिणीच्या किंवा मेहुण्यांच्या वॉलेटमधून जातात, आणि महिन्याला तो किती खर्च करू शकतो ती मर्यादा मॅनेजरने ठरवायची, सुरुवातीला ती शून्य असते. तर वाढदिवसाच्या सकाळी तुम्ही त्याला कोड पाठवलात तर तो बिचारा टाकत बसेल आणि काही होणार नाही. कोड मोठ्यांच्या अकाउंटला टाकायचा, मग त्याची मर्यादा वाढवायची, मग त्याने घ्यायचा. गेमचं वयाचं रेटिंग पण बघा, पॅरेंटल कंट्रोलमध्ये त्याच्यासाठी जे वय ठेवलंय त्याच्या वरचा गेम असेल तर अडेल.

मध्यरात्र

ती स्वस्त कीवाली साइट मात्र नको, प्लीज. अशा ठिकाणी कोणीही की आणून विकतं आणि त्या मूळ कशा घेतल्या ते कळायला मार्ग नसतो, कधी चोरीच्या क्रेडिट कार्डवर घेतलेल्या असतात, मग कार्डाचा मालक तक्रार करतो, पैसे परत घेतले जातात आणि की रद्द होते. माझ्या धाकट्या भावाला मी अशाच एका साइटवरून घेऊन दिलेला गेम खेळायला लागल्यावर त्याच्या लायब्ररीतून नाहीसा झाला. त्याने मला विचारलं की दादा तू परत घेतलास का. त्याला समजावताना फार वाईट वाटलं.

कोड ईमेलवर आला की तो कोणालाही फॉरवर्ड करू नका, फॅमिली ग्रुपवर तर अजिबात टाकू नका. कोड ज्याने आधी टाकला त्याचा.

जुनं_काडतूस

मी तर म्हणतो डिस्कच पाठवा. डिस्क हातात देता येते, खेळून झाली की मित्राला देता येते, विकता येते. डिजिटल गेम म्हणजे आपण खेळायचा परवाना घेतो, मालकी नाही, स्टीम तर ऑक्टोबर २०२४ पासून पैसे भरतानाच तसं लिहून दाखवतं, कॅलिफोर्नियाच्या नव्या कायद्यामुळे. मुलाला गिफ्ट द्यायचं तर खरं त्याचं व्हावं असं द्या.

रातराणी_ऑनलाइन

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं कोणी सविस्तर सांगेल वाटलं नव्हतं.

मैत्रिणीशी बोलले. तिला माझ्या लॅपटॉपचं लक्षातच आलं नव्हतं, ती म्हणाली आधी का नाही बोललीस, लगेच डिक्लाइन कर. रिमोट प्लेचं बघितलं, त्या गेमला एका स्क्रीनवर खेळायची सोय नाही. मग डिक्लाइन केला आणि स्टारड्यू व्हॅली आम्ही एकमेकींना गिफ्ट केला, तिने मला आणि मी तिला, दोघींनी निरोपात काहीबाही लिहिलं. शेताला नाव काय द्यायचं यावर अजून एकमत नाही.

जुनं_काडतूस, तुमचं पटतंय हो, पण बहिणीला विचारलं तर त्यांचा कन्सोल बिनड्राइव्हचा आहे, डिस्क घालायला जागाच नाही. तरी तुम्ही म्हणता ते "खरं त्याचं व्हावं" डोक्यात राहिलं. अकाउंट तिकडच्याच देशाचं आहे, मॅनेजर बहीण आहे, रेटिंग बसतंय. आता एकच शंका, बहीण म्हणते कशाला त्याची मर्यादा वाढवायची, मी माझ्याच अकाउंटवरून घेते आणि आदल्या रात्री डाउनलोड करून ठेवते. ते बरोबर की त्याच्या अकाउंटवरून घेणं?

कन्सोलवाली_आई

चालतं दोन्हीही. बहिणीने घेतला तरी त्या कन्सोलवर तिच्या अकाउंटचं कन्सोल शेअरिंग चालू असेल तर तो आपल्या अकाउंटवरून खेळू शकतो, सेव्ह आणि ट्रॉफ्या त्याच्याच राहतात. पण गेम कायम बहिणीच्या नावावर राहणार. उद्या तो मोठा झाला, स्वतःचा कन्सोल घेऊन वेगळा राहायला लागला, तर त्याच्या लायब्ररीत तो नसणार. तुम्ही त्याला देताय ना, मग त्याच्याच नावावर घ्या. मी माझ्या मुलीसाठी दर वेळी तिच्याच अकाउंटवरून घेते, मर्यादा वाढवायला दोन मिनिटं लागतात आणि महत्त्वाचं म्हणजे लगेच परत खाली आणता येते.

अडचण आहे ती फक्त डाउनलोडची. मोठा गेम उतरायला तासन्‌तास लागू शकतात, वाढदिवसाच्या दिवशी पोराने टक्क्यांचा आकडा बघत बसायचं हे काही बरं नाही. तो आदल्या रात्री झोपला की बहिणीने त्याच्या अकाउंटवरून घेऊन डाउनलोडला लावायचा.

बटणदाबे

मी थोडं वेगळं सुचवू का? विकत घ्यायचं बटण त्यालाच दाबू द्या. १२ वर्षांच्या मुलाला स्वतः स्टोअर उघडून, हवा तो गेम निवडून "घ्या" म्हणण्यात फार मजा असते, आणि आयत्या वेळी त्याला दुसराच कुठला हवासा वाटला तर तोही घेता येईल. वाढदिवसाच्या आदल्या संध्याकाळी तुम्ही व्हिडिओ कॉल करा, सगळं तयार आहे म्हणून सांगा, तो घेईल, रात्रभर उतरेल, सकाळी उठला की खेळायला मोकळा.

रातराणी_ऑनलाइन

हे फारच आवडलं. असंच करते, आणि निवड त्याचीच असू दे, त्याने सांगितलेलाच घेतला पाहिजे असं काही नाही. बहिणीला आत्ता मेसेज टाकलाय: कार्ड तिथलंच घे, कोड तुझ्या अकाउंटला टाक, वॉलेटमध्ये रक्कम आलेली दिसली की मगच त्याची मर्यादा कार्डाच्या रकमेइतकी कर, त्याने घेतला की परत शून्यावर आण. काही राहिलंय का?

कन्सोलवाली_आई

कन्सोलवर जागा किती शिल्लक आहे ते आधी बघायला सांगा. आमच्याकडे दर वेळी तिथेच अडतं, मग रात्री अकराला कुठला गेम काढायचा यावर चर्चा.