फ्रेड को यांची कारकीर्द: दूरचित्रवाणी, रंगभूमी आणि चित्रपट यांत निर्मात्याचे काम नेमके कोणते?

प्रश्न

अमेरिकन दूरचित्रवाणीच्या सुरुवातीच्या काळाविषयी वाचत असताना फ्रेड को (१९१४–१९७९) हे नाव वारंवार समोर येते. एनबीसी या अमेरिकन दूरचित्रवाणी नेटवर्कवरील रविवार रात्रीच्या ‘फिल्को टेलिव्हिजन प्लेहाउस’चे ते निर्माते होते. पुढे न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर त्यांनी ‘टू फॉर द सीसॉ’, ‘द मिरॅकल वर्कर’, ‘ऑल द वे होम’ ही नाटके आणली आणि काही चित्रपटांचीही निर्मिती केली. त्यांनी घडवलेले लेखक आणि दिग्दर्शक आजही आदराने आठवले जातात, पण को यांचे स्वतःचे नाव मात्र नाट्य-चित्रपटाच्या अभ्यासकांपलीकडे फारसे कोणाला ठाऊक नाही.

माझी अडचण अशी आहे की निर्माता म्हणजे पैसा उभा करणारा आणि हिशेब पाहणारा माणूस, एवढीच माझी आजवरची समजूत होती. को यांच्या बाबतीत ती पुरी पडत नाही, कारण दूरचित्रवाणीवर असताना पैसा त्यांचा नव्हता आणि तो उभा करण्याची जबाबदारीही त्यांच्यावर नव्हती, तरीही ‘मार्टी’सारख्या नाटकाचे श्रेय जाणकार त्यांना देतात. मग तिथे ते नेमके काय करत होते? आणि तेच काम त्यांनी रंगभूमीवर व चित्रपटात नेले, की प्रत्येक ठिकाणी त्यांना वेगळाच व्यवसाय करावा लागला? ज्यांनी या विषयाचा अभ्यास केला आहे त्यांनी कृपया सविस्तर लिहावे.

प्रतिसाद १

आपला प्रश्न योग्य जागी बोट ठेवणारा आहे. माझ्या मते को यांचे खरे काम सगळीकडे एकच होते: लेखक निवडायचा, त्याच्याकडून नवे लिहून घ्यायचे आणि ते लेखन प्रेक्षकांपर्यंत पोहोचेपर्यंत त्याला इतरांच्या भीतीपासून वाचवायचे. बदलत गेली ती हे काम करण्यासाठी त्यांच्या हातात असलेली सत्ता.

त्यांची पूर्वतयारी रंगभूमीवरची होती. येल विद्यापीठाच्या नाट्यविभागात शिकून झाल्यावर दक्षिण कॅरोलिनातील कोलंबिया या गावात त्यांनी नागरी नाट्यसंस्थेत काम केले आणि १९४५ मध्ये ते एनबीसीत आले. १९४८ च्या ऑक्टोबरमध्ये ‘फिल्को’ सुरू झाले तेव्हा दर आठवड्याला तासाभराचे एक संपूर्ण नाटक थेट प्रक्षेपित करायचे होते. सुरुवातीला गाजलेली नाटके आणि कादंबऱ्या रूपांतरित करून वेळ भागवली गेली, परंतु अशा साहित्याचा साठा मर्यादित होता आणि नावाजलेल्या कृतींचे हक्क बहुधा चित्रपट कंपन्यांकडे अडकलेले असत, ज्यांना या नव्या प्रतिस्पर्ध्याला मदत करण्याची मुळीच इच्छा नव्हती. या अडचणीतून को यांनी जो मार्ग काढला त्यावर त्यांची पुढची सगळी कारकीर्द उभी आहे. त्यांनी फारसे नाव नसलेल्या तरुण लेखकांना बोलावून स्वतंत्र नाटके लिहायला सांगितले. पॅडी चायेफ्स्की, हॉर्टन फूट, टॅड मोझेल, जे. पी. मिलर हे सारे त्या वर्तुळातले लेखक आहेत.

‘मार्टी’चे उदाहरण या दृष्टीने फार बोलके आहे. ब्राँक्समधल्या एका अविवाहित, दिसायला सामान्य अशा खाटकाची ही गोष्ट. चायेफ्स्कींना ती सुचली ती हॉटेलातल्या नृत्याच्या दालनात, जिथे दुसऱ्याच एका नाटकाच्या तालमी चालू होत्या. पुढच्या एका रविवारची जागा भरायची होती, म्हणून को यांनी त्यांना लिहायला सांगितले आणि तालमी सुरू झाल्या तेव्हा संहितेचा शेवटचा भाग कागदावर उतरलेलाही नव्हता. २४ मे १९५३ रोजी डेल्बर्ट मान यांच्या दिग्दर्शनाखाली, रॉड स्टायगर यांना मुख्य भूमिकेत घेऊन ते नाटक प्रक्षेपित झाले. ठरलेल्या वेळी लाखो लोकांसमोर जे जाणारच आहे, ज्यात नंतर दुरुस्तीला वाव नाही, त्यासाठी अर्धवट संहितेवर विश्वास टाकणे हा केवळ धीटपणा नव्हता. त्या लेखकाची आधीची नाटके ज्याने स्वतः वाचली, पाहिली आणि सुधारून घेतली होती, त्याच्याच अंगी असू शकणारी ती खात्री होती. आपण ज्याला श्रेय म्हणता ते मला इथे दिसते.

प्रायोजक कंपनी आणि तिची जाहिरात संस्था यांची नजरही कायम असे. रेडिओ, टीव्ही संच आणि टायर विकणाऱ्यांना सामान्य माणसाच्या एकाकीपणावरची नाटके दर रविवारी हवीच असतील असे नाही. लेखकापर्यंत तो दबाव जाऊ न देणे, आणि गेलाच तर त्याला तो सहन करता येईल अशा रूपात पोहोचवणे, हे निर्मात्याचे काम होते. ते प्रेक्षकाला कधीच दिसत नाही, म्हणून त्याची नोंदही कमी होते.

प्रतिसाद २

वरच्या प्रतिसादाशी मी बहुतांशी सहमत आहे, मात्र रंगभूमीवर को यांना वेगळा व्यवसाय शिकावा लागला असे मला वाटते आणि त्याची कारणे आर्थिक आहेत. नेटवर्कमध्ये जागा, तंत्रज्ञ आणि वेळ आधीच ठरलेली असते. ब्रॉडवेवर निर्माता शून्यापासून आरंभ करतो: नाटकाचे हक्क घेतो, गुंतवणूकदारांकडून भांडवल जमवतो, नाट्यगृह मिळवतो. प्रचलित पद्धतीनुसार आधी गुंतवणूकदारांचे भांडवल परत जाते आणि त्यानंतरचा नफा साधारणपणे निम्मा निम्मा वाटला जातो. शिवाय आठवड्याची तिकीटविक्री ठरलेल्या मर्यादेखाली गेली तर नाट्यगृहाचा मालक नाटकाला बाहेर काढू शकतो, त्यामुळे चांगले नाटकही प्रेक्षक जमण्याआधीच बंद पडू शकते.

‘ऑल द वे होम’च्या वेळी हेच घडू लागले होते. जेम्स एजी यांच्या कादंबरीवरून टॅड मोझेल यांनी लिहिलेले हे नाटक ३० नोव्हेंबर १९६० रोजी बेलास्को नाट्यगृहात आले. कुटुंबातील एका मृत्यूभोवती फिरणाऱ्या या नाटकाची समीक्षकांनी प्रशंसा केली, तिकिटे मात्र खपेनात आणि नाटक बंद करण्याची सूचनाही लावण्यात आली. नंतर प्रेक्षक एकमेकांना सांगून येऊ लागले, को आणि त्यांचे सहनिर्माते आर्थर कॅंटर यांनी बंद करण्याचा निर्णय मागे घेतला, आणि चव्वेचाळिसाव्या रस्त्यावरचा चमत्कार असे नाव मिळवून या नाटकाने ३३३ प्रयोग पूर्ण केले. १९६१ चे पुलित्झर पारितोषिक त्याला मिळाले. दर आठवड्याला तोटा समोर दिसत असताना आणखी एक आठवडा थांबायचे ठरवणे, आणि तेही दुसऱ्यांचे पैसे आपल्याकडे असताना, हा निर्णय दूरचित्रवाणीवर त्यांना कधीच घ्यावा लागला नसता. माझ्या लेखी त्यांच्या साऱ्या कारकिर्दीतला हा सर्वांत मोठा निर्णय आहे.

याच्या उलट बाजूचेही एक उदाहरण नोंदवले पाहिजे. ‘फिडलर ऑन द रूफ’ प्रारंभी को यांच्या हाती होते. भांडवल वेळेवर उभे राहीना, म्हणून हॅरल्ड प्रिन्स यांना सोबत घेण्यात आले आणि १९६४ मध्ये ते संगीत नाटक रंगमंचावर येण्यापूर्वीच को त्यातून बाहेर पडले. पुढे त्याचे ३,२४२ प्रयोग झाले. चांगली संहिता ओळखण्याची त्यांची नजर अचूक होती. पैसा जमवण्याच्या कामात मात्र प्रिन्स त्यांच्यापेक्षा कितीतरी निष्णात होते, आणि रंगभूमीवर हे दुसरे काम टाळता येत नाही.

प्रश्नकर्त्याचा प्रतिसाद

दोघांचेही मनापासून आभार. ‘मार्टी’वरचा चित्रपट १९५५ मध्ये आला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले, पण निर्माते म्हणून तिथे हॅरल्ड हेख्ट यांचे नाव आहे. ‘टू फॉर द सीसॉ’ आणि को यांनीच दूरचित्रवाणीवर आणलेले ‘डेज ऑफ वाइन अँड रोझेस’ यांवरचे चित्रपटही इतरांनीच केले. मग चित्रपटाच्या क्षेत्रात को यांचे स्थान गौण मानायचे का?

प्रतिसाद ३

गौण म्हणणे मला अन्यायाचे वाटते, पण तिथे त्यांच्या हातात सर्वांत कमी सत्ता होती हे खरे आहे. ‘मार्टी’ चित्रपटाची पटकथा चायेफ्स्की यांनीच लिहिली, दिग्दर्शनही मान यांनीच केले. म्हणजे को यांनी जोडून दिलेली जोडी जशीच्या तशी पुढे गेली आणि ज्याने ती जोडली तो मागे राहिला. १९५८ मध्ये दिग्दर्शक आर्थर पेन यांच्यासह त्यांनी ‘द लेफ्ट हँडेड गन’ हा चित्रपट केला तेव्हा संकलनाचा अंतिम अधिकार स्टुडिओने स्वतःकडे ठेवला आणि पेन यांना आपला चित्रपट दुसऱ्यांनी कापलेला पाहावा लागला. थेट प्रक्षेपणात दृश्यांची निवड नियंत्रण कक्षात, त्याच क्षणी, दिग्दर्शकाकडून होत असे. त्या सवयीच्या माणसांना हा आघात किती मोठा वाटला असेल याची कल्पना करता येते.

म्हणूनच ‘द मिरॅकल वर्कर’कडे पाहावे. हेलन केलर आणि त्यांच्या शिक्षिका अ‍ॅन सलिव्हन यांच्यावरचे विल्यम गिब्सन यांचे हे लेखन प्रथम १९५७ मध्ये सीबीएस या दुसऱ्या नेटवर्कच्या ‘प्लेहाउस ९०’वर प्रक्षेपित झाले. त्या वेळचे निर्माते को नव्हते, दिग्दर्शक मात्र पेनच होते. १९५९ मध्ये को यांनी ते ब्रॉडवेवर आणले, त्याचे ७१९ प्रयोग झाले आणि सर्वोत्तम नाटकाचे टोनी पारितोषिक मिळाले. चित्रपटाच्या वेळी वितरक कंपनीला, रंगमंचावर शिक्षिकेची भूमिका केलेल्या अ‍ॅन बॅनक्रॉफ्ट यांच्याऐवजी मोठे नाव हवे होते. को, पेन आणि गिब्सन यांनी कमी खर्चात चित्रपट करणे पत्करले आणि रंगमंचावरच्या दोघी अभिनेत्री कायम ठेवल्या. १९६२ च्या त्या चित्रपटासाठी बॅनक्रॉफ्ट आणि पॅटी ड्यूक, दोघींनाही ऑस्कर मिळाले. बॅनक्रॉफ्ट यांना ‘टू फॉर द सीसॉ’मध्ये हेन्री फोंडा यांच्यासमोर उभे करण्याचा धोका को यांनी १९५८ मध्येच पत्करला होता, तोही त्या हॉलिवूडमधले दुय्यम चित्रपट सोडून आल्या असताना, हे इथे लक्षात घ्यायला हवे.

‘अ थाउजंड क्लाउन्स’ त्यांनी रंगमंचावर आणि १९६५ मध्ये पडद्यावर, दोन्हीकडे स्वतः दिग्दर्शित केले. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे नामांकन मिळाले. असे असूनही त्यानंतरची वर्षे त्यांना कठीण गेली. नेटवर्कना आता दर आठवड्याला तीच पात्रे असलेल्या, हॉलिवूडमध्ये फिल्मवर चित्रित केलेल्या मालिका हव्या होत्या, कारण त्या पुन्हा दाखवता येत आणि विकताही येत. दर रविवारी नवा लेखक आणि नवी गोष्ट देणाऱ्या निर्मात्याला त्या व्यवस्थेत जागा उरली नाही. ‘द मिरॅकल वर्कर’ची नवी दूरचित्रवाणी आवृत्ती ही त्यांची अखेरची निर्मिती. तीत पॅटी ड्यूक यांनी या वेळी शिक्षिकेची भूमिका केली. एप्रिल १९७९ मध्ये को यांचे निधन झाले आणि ती त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये प्रक्षेपित झाली.