बाख्तीनला चोर म्हणण्याआधी

नदीकाठ:
बाख्तीन या रशियन साहित्यसमीक्षकाबद्दल 'मुळामुठा' यांनी काल लिहिलं, "बाख्तीनची पदवी खोटी, फ्रेंच लेखक राबलेवरच्या पुस्तकात जर्मन तत्त्वज्ञ कासिररचे उतारे नाव न घेता उचललेले, आणि मित्रांची पुस्तकंही त्याच्याच खात्यावर. तरी आपले समीक्षक बहुस्वरता (कादंबरीत अनेक आवाज बरोबरीने बोलतात, ही त्याची कल्पना) म्हटलं की माना डोलावतात." वाचून रात्रभर चिडचिड झाली, म्हणून लिहितोय.

दोस्तोयव्हस्कीवरचं पुस्तक १९२९ साली आलं तेव्हा हा माणूस खटल्यात अडकलेला होता. सोलोव्हकीच्या छावणीत पाच वर्षं अशी शिक्षा झाली, आजारपणामुळे ती कझाकस्तानातल्या कुस्तानाईच्या हद्दपारीवर आली. तिथे सहकारी संस्थेत हिशेब लिहून पोट भरलं. १९३८ मध्ये पाय कापावा लागला. १९४६ ला राबलेवरचा प्रबंध मांडला, तर डॉक्टरेटच्या बाजूने ७ मतं, विरोधात ६, तरी वरच्या समितीने डॉक्टरेट नाकारली. खालची पदवी हातात पडायला १९५२ उजाडलं. पुढे सारान्स्कसारख्या आडगावी शिकवत राहिला. राबलेचं पुस्तक छापलं गेलं १९६५ ला! चोरी करून त्याने काय कमावलं?

मुळामुठा:
सोसलं म्हणून उचलेगिरी माफ होते का? पाय गेला याचं मलाही वाईट वाटतं, पण तळटीप द्यायला पाय लागत नाही. त्या मित्रांपैकी व्होलोशिनोव १९३६ ला क्षयाने गेला, मेदवेदेवला १९३८ ला गोळी घातली. पुस्तकांवर छापलेली नावं त्यांची आहेत. मेलेली माणसं हक्क सांगायला येत नाहीत.

ओवी_परभणी:
हेच! एम.फिल.ला असताना जात्यावरच्या ओव्या मी गोळा केल्या, निम्म्या तर माझ्या आईच्या तोंडून. लेख छापून आला सरांच्या नावावर, खाली "साहाय्य" म्हणून मी. आई विचारत होती, तुझं नाव कुठंय?

कट्टेकरी:
ताई, घरोघरी हेच. माझ्या बायकोचं भाषांतरही असंच गेलं. पदोन्नतीचे गुण मोजायला लागल्यापासून तर विचारूच नका.

नदीकाठ:
विषय बाख्तीनचा आहे, पदोन्नतीचा नाही. ताई, तुमच्यावर अन्याय झाला, पण इथे उलट घडलंय. ही पुस्तकं मुळात बाख्तीनची, असं १९७३ मध्ये छापलं ते भाषाशास्त्रज्ञ इवानोव यांनी. १९७५ ला मृत्यूच्या थोडं आधी लेखकत्वाच्या कागदावर सही मागितली, तेव्हा बाख्तीनने नकार दिला.

ओवी_परभणी:
सही केली नाही, बरं केलं. पण "ती पुस्तकं माझ्या मित्रांचीच" असं दोन ओळींत छापून टाकलं का? आमचे सरही काही बोलले नव्हते. लोक त्यांचं अभिनंदन करत होते आणि ते ऐकून घेत होते.

नदीकाठ:
सोविएत काळातल्या माणसाला परभणीच्या सरांच्या मापाने मोजू नका!

ओवी_परभणी:
आवाज चढवू नका. मापं मी नाही आणली, तुम्हीच त्याचे हाल मोजून दाखवलेत.

मुळामुठा:
"खोटी पदवी" हा शब्द मागे घेतो. विद्यापीठातून पदवी घेतल्याची नोंद सापडलेली नाही, एवढंच म्हणायला हवं होतं. कासिररबद्दलचा शब्द मागे घेणार नाही.

नदीकाठ:
नका घेऊ. उतारे जवळजवळ जसेच्या तसे आहेत, मीही ताडून पाहिलेत. मित्रांनी पाठवलेली पुस्तकं वहीत उतरवून घेत काम चालायचं, हे खरं. तरी १९६५ ला छापताना नाव घालता आलं असतं. नाही घातलं.

ओवी_परभणी:
मग धाग्याचं शीर्षक बदला.