‘मेडिआ’च्या दूरचित्रवाणी रूपांतरात कोरस का गाळला असावा?

प्रश्न (ब्रह्मपुरी तालुका)
लार्स फॉन ट्रायर यांनी १९८८ साली डॅनिश दूरचित्रवाणीसाठी केलेला ‘मेडिआ’ आमच्या नाट्यमंडळाने, धान चुरून झाल्यावर, ओसरीच्या भिंतीला चादर बांधून पाहिला. ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या मूळ नाटकात (इ.स.पू. ४३१) कोरिंथ नगरीच्या स्त्रियांचा कोरस (एकत्र बोलणारा-गाणारा समूह) आहे आणि मेडिआच्या हातून तिच्याच मुलांची हत्या दाराआड होते. येथे कोरस गाळला आहे, हत्या मात्र डोळ्यांदेखत आहे: आई दोन्ही मुलांना वठलेल्या झाडाला फाशी देते. ही दिग्दर्शकाची मनमानी की पडद्याची गरज?

उत्तर (पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टी रंगभूमीवरील पेटीवादक)
मनमानी म्हणणे अन्यायाचे होईल. मूळ नाटकात मेडिआ त्या स्त्रियांना आपला बेत सांगते आणि गप्प राहायला लावते; म्हणून आतून मुलांच्या किंकाळ्या येतात तेव्हा त्या ‘आत जावे का?’ असे विचारतात, पण जात नाहीत. आपल्याकडे एखाद्या घरातून रात्री रडणे ऐकू आले की बायका ओट्यापर्यंत येतात आणि उंबरा ओलांडत नाहीत, तसेच हे. पडद्यावर तो ओटाच नाही. चेहरा इतका जवळ येतो की उंबऱ्यावर आपणच उभे असतो. मग कोरस कशाला हवा?

उत्तर (निवृत्त शिक्षक, आरमोरी)
पेटीमास्तरांशी मी पूर्ण सहमत नाही. डॉन टेलर यांनी १९८६ मध्ये बीबीसीसाठी ग्रीक नाटककार सोफोक्लीसची थीब्ज नगरीवरची तिन्ही नाटके केली, तेव्हा कोरस ठेवला होता, आणि त्यांतल्या ‘अँटिगनी’त मृत्यूची वार्ता दूतच आणतो. तेथे ऐकणाऱ्यांचे चेहरे पाहण्यातच नाट्य आहे. तेव्हा पडद्याला कोरस चालत नाही असे नव्हे. ट्रायर यांना तो नको होता. त्यांनी त्याची जागा पाणथळ जमीन, धुके आणि वारा यांना दिली आहे.

उत्तर (गोंदियाकडील वाचक)
सर, मला मात्र थोरला मुलगा विसरता येत नाही. तो आधी धाकट्याच्या वेळी आईला मदत करतो आणि मग स्वतःहून फासाकडे येतो. मूळ नाटकातली मुले आईपासून पळू पाहतात. माझ्या मते कोरसपेक्षा हा बदल मोठा आहे, कारण येथे आत धावून जाण्याचा प्रश्नच संपतो.

प्रश्नकर्ता
ताई, हे आमच्या लक्षातच आले नव्हते. मंडईच्या (दिवाळीनंतरच्या गावजत्रेच्या) प्रयोगात आम्ही तीन बायकांचा कोरस ठेवतो आहोत. दार मात्र बंदच राहील, आणि थोरल्याचा आवाज कसा यावा ते तालमीत ठरवू.