प्रति: रंग वेगळा म्हणजे जात वेगळी?

दोन झाडांच्या फुलांचा रंग आणि शेंगा खूप वेगळ्या असतील तर त्यांची जातच वेगळी असणार, असं एकांचं म्हणणं आहे. तसं नसतं हो कायम. अमेरिकेच्या पश्चिम भागातलं अ‍ॅस्ट्रॅगॅलस लेंटिजिनोसस हे झाड बघा, आपल्या खुळखुळा ह्या रानझुडपाच्याच कुळातलं, शेंगाही तशाच फुगीर, फक्त त्यांवर बऱ्याचदा लालसर ठिपके असतात. ह्या एका जातीचे ४०च्या आसपास प्रकार मानतात! कुठे फुलं जांभळी तर कुठे पांढुरकी, कुणाची शेंग अगदी कागदासारखी पातळ तर कुणाची जाडसर, आणि डेथ व्हॅली नॅशनल पार्कमधल्या युरेका वाळूच्या टेकड्यांवरचा मायकन्स प्रकार तर पानांवरच्या लवीमुळे चक्क चंदेरी दिसतो. वनस्पतिशास्त्रज्ञ रूपर्ट बार्नबींनी ह्या अ‍ॅस्ट्रॅगॅलस वंशावर प्रचंड काम केलं, मला तरी त्यांच्या चिकाटीचं कौतुक वाटतं.

आणि हे नुसतं नावांचं खूळ नाहीये, कॅलिफोर्नियातल्या कोचेला व्हॅलीचा प्रकार १९९८ पासून तिथल्या सरकारी एन्डेंजर्ड (नामशेष व्हायचा धोका असलेल्यांच्या) यादीत आहे, पूर्ण जात मात्र नाही.

बाय द वे, ह्या वंशातल्या काही झाडांना तिकडे लोकोवीड म्हणतात, घोडे-गुरं खातात आणि वेड्यासारखी वागतात. असं करायला लावणारं विष झाड बनवत नाही, त्याच्या आत राहणारी बुरशी बनवते.